आईला ओठ वाचता येतात

वॉर्सा, ३ ऑक्टोबर १९२९

प्रिय रूझाताई,

तुला, ओनुफ्री भावोजींना आणि आईला नमस्कार. मधाची बरणी पोचली. झाकण सैल होतं, त्यामुळे अर्धा मध तू बरोबर पाठवलेल्या लोकरीच्या मोज्यांनीच खाल्ला. दोनदा धुतले, तरी पाय बुटाला चिकटतात. बाकी इकडे सगळं ठीक. घरमालकीणबाई अजून मला जिन्यात गाठून विचारतात, "काय हो गार्दासाहेब, या सिनेमात लग्न करता की मरता?" गार्दा म्हटलं की मागे वळून बघायला मला अजूनही क्षणभर लागतो. पोस्टरवर नाव बदलून इतकी वर्षं झाली, पण पिंचुफचा तेओफिल व्रोना काही आतून हलत नाही.

नवा सिनेमा गेल्या शुक्रवारी लागला. मी घोडदळातला कॅप्टन आहे. शेवटी माझा सोबती माझ्या मांडीवर मरतो आणि मी रडतो. पेपरवाल्यांनी त्या रडण्यावर रकानेच्या रकाने भरलेत. एकाने लिहिलंय की गार्दा इतके दिवस नुसता देखणा होता, या वेळी तो नट झाला. मग सोळा वर्षं मी काय करत होतो कोण जाणे.

खरं तर ते तुला माहीत आहे. सतराव्या वर्षी मी फिरत्या नाटक कंपनीमागे पळालो तेव्हा भाकरी बांधून देणारी तूच. कंपनीच्या मालकाने आठवड्याभरात माझी परीक्षा घेतली. "पोरा, चेहरा राजपुत्राचा आणि आवाज बदकाचा. तोंड मिटून झाड हो!" दोन हंगाम मी झाड होतो. मग इथल्या एका इमारतीच्या गच्चीवर, काचेच्या छपराखाली, जुलैच्या उकाड्यात कुणीतरी मला कॅमेऱ्यासमोर उभं केलं. चेहऱ्याचा पांढरा रंग गळून कॉलरमध्ये जात होता. दिग्दर्शक रोलिंस्की साहेब ओरडले, "याला घ्या! हा काय बोलतोय ते दिसतं!" ते का दिसतं, हे त्यांना मी कधी सांगितलं नाही. मी चार वर्षांचा असताना तापात आईचे कान गेले. तेव्हापासून आपण तिघंही भावंडं तिच्याशी तोंड नीट उघडून, एकेक शब्द ओठांवर मांडून बोललो. माझी सगळी कला एवढीच. मिशी ठेवा म्हणून निर्मात्यांनी किती डोकं खाल्लं, पण मी ठेवली नाही. लोकांना ती माझी ऐट वाटली.

आणि ते आपलं गुपित! तो चोवीस सालचा प्रेमाचा प्रसंग आठवतो? बागेतल्या बाकावर मी हिरॉइनच्या कानाशी लागून काहीतरी भयंकर गोड बोलतोय, बायका रुमाल काढतायत, आणि पहिल्या रांगेत आई खो खो हसतेय. तूच लिहिलं होतंस, आगीचे बंब हलवून सिनेमा लावतात तो अख्खा बंबखाना वळून तिच्याकडे बघत होता. त्यांना काय माहीत, मी हिरॉइनला म्हणत होतो, "आई, या बाईने लसूण खाल्लाय गं, सुटका कर माझी!" एकही सिनेमा मी सोडला नाही. कॅमेरा तोंडाजवळ आला की एक वाक्य आईचं. गुडघ्याला चरबी चोळ. बकरी विकू नकोस. नाताळला येतोय. पत्र तुला वाचून दाखवावं लागतं, पडद्यावर मी थेट तिच्याशी बोलतो, याचा तिला किती तोरा होता!

एक सांगायचं राहिलं. हा सिनेमा तिकडे आला तर आईला नेऊ नकोस. रक्तपात फार आहे. उगाच तिला आपल्या यात्सेकची आठवण होईल. बाकी काही नाही.

तुझा
तेओ

*

वॉर्सा, २६ ऑक्टोबर १९२९

प्रिय ताई,

तुझं पत्र मिळालं. पत्र कसलं, उलटतपासणीच. "सोळा वर्षांत आईने तुझा एक सिनेमा चुकवला नाही. तू विहिरीत बुडालास, फासावर गेलास, तुला अस्वलाने खाल्लं, ते सगळं तिने बघितलं. आता एकदम रक्ताची भीती? का उघडीनागडी बाई आहे?" बाई नाही गं. बाई असती तर बरं झालं असतं.

मी काळजीपोटी म्हणतोय एवढं तू मान. आईचं वय झालं. यात्सेक वीस सालच्या लढाईत गेला ते तिने कसं पचवलं ते आपण बघितलंय. आता पडद्यावर पुन्हा तसाच गणवेश, तसंच कोवळं पोर, आणि त्याला मांडीवर घेऊन बसलेला मी. कशाला?

एवढ्यावरच विषय संपवणार होतो, पण तू भावोजींच्या बंबाच्या मंडळींना विचारून मोकळी झालीस की सिनेमा डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात येतोय. म्हणून परवा मी स्वतः सिनेमे वाटणाऱ्या कचेरीत गेलो. तिथला कारकून मला बघून उठून उभा राहिला, खुर्ची दिली, बायकोसाठी सही घेतली. मग मी म्हटलं, मला शेवटच्या रिळातला एक तुकडा कापून हवाय.

"कुठला?"

"मी रडतो तो."

तो हसायलाच लागला. "साहेब, लोक त्याच्यासाठीच तिकीट काढतात! तो कापला तर उरतात घोडे. घोडे लोक फुकट बघतात."

"मग निदान एक प्रत. किएल्त्से, पिंचुफ, तिकडे जाणारी."

"तिसरी प्रत? ती निघालीसुद्धा. आता ती गावागावांतून फिरत फिरत वसंतात परत येईल, आणि येईल तेव्हा तिच्या चिंध्या झालेल्या असतील. पण तुम्हाला तिच्यात एवढं खुपतं काय? तुमचा चेहरा उत्तम दिसतो."

मी काय सांगणार? त्याच्या आईला ऐकू येत असेल.

दुसरी बातमी. इकडे बोलक्या सिनेमाने सगळ्यांना वेड लावलंय. थिएटरबाहेर रांगा, आत नट बोलतात ते ऐकू येतं. वाजवणाऱ्यांना नारळ मिळाले, आमच्या पियानोवाल्या म्हाताऱ्याने रडून घेतलं. रोलिंस्की साहेबांनी माझाही आवाज तबकडीवर घेतला. मला वाटलं होतं, बदकाचं आता तरी काही झालं असेल. बदक बरं आहे म्हणाले. पण तबकडी ऐकताना सगळे एकमेकांकडे बघायला लागले. शेवटी साहेब म्हणाले, "गार्दा, तू प्रत्येक शब्द असा तोंड फाडून का बोलतोस? बहिऱ्याशी बोलल्यासारखा?" पुन्हा करून बघितलं. चारदा. मला दुसऱ्या तऱ्हेने बोलताच येत नाही ताई. मला वाटतं, मी या धंद्यात फार दिवस नाही.

येत्या शुक्रवारी सर्व संतांचा दिवस. तुम्ही दफनभूमीत जाल, बाबांच्या दगडावर त्यांच्या नावाखाली यात्सेकचं नाव कोरलंय तिथे दिवे लावाल. माझ्यातर्फे एक लाव. आई तिथे काय बोलते ते मला माहीत आहे. ते मला लिहून कळवू नकोस.

तेओ

*

वॉर्सा, २१ नोव्हेंबर १९२९

ताई,

तू लिहू नको म्हटलं तरी लिहिलंस. "आईने दिवा लावला आणि नेहमीप्रमाणे मोठ्याने म्हणाली, माझ्या लेकराला दुखलं नाही. तेओच्या मांडीवर गेला आणि दुखलं नाही. दफनभूमीतले सगळे ऐकत होते, पण आता सवय झालीय लोकांना." ते वाचून दोन आठवडे झाले. रोज तुला लिहायला बसतो आणि थंडी फार पडलीय एवढं लिहून फाडून टाकतो. आज फाडणार नाही. तू एकटी असताना वाच. भावोजींना नंतर सांग.

यात्सेक गेला तेव्हा मी त्याच्याजवळ नव्हतो.

मी लढाईला गेलोच नव्हतो. एक दिवसही नाही.

वीस सालचा ऑगस्ट. बोल्शेविक वॉर्साच्या तोंडाशी आले होते. ट्रामचे कंडक्टरसुद्धा खंदक खणत होते. आम्हाला हुकूम आला, दहा मिनिटांचा सिनेमा करा, तरुणांनी भरती व्हावं म्हणून. त्यात एक स्वार आईसमोर गुडघे टेकतो, आशीर्वाद घेतो, घोड्यावर टांग मारून निघून जातो. तो स्वार मी. यात्सेक तेव्हा इकडेच नदीपलीकडे सुताराकडे कामाला होता, ते तुला माहीतच आहे. त्याने तो सिनेमा बघितला. दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या खोलीवर आला. मी दाढी करत होतो.

"दादा, मी नाव घातलं! तुझं कधी?"

मी मागे वळलोसुद्धा नाही. आरशातच बघून म्हणालो, "तू हो पुढे. माझं गुरुवारी आहे."

"मग मी जागा धरून ठेवतो," म्हणाला. लहानपणी चर्चमध्ये पुढे पळत जाऊन बाकावर टोपी ठेवायचा ना माझ्यासाठी, तसंच. आणि गेला. माझ्या टेबलाच्या खणात तेव्हा डॉक्टरचा कागद होता, फुप्फुसं कमजोर असल्याचा. माझी फुप्फुसं उत्तम आहेत ताई. गुरुवारी मी स्टेशनवर गेलो, एवढंही सांगतो, पण ते माझ्या बाजूने धरू नकोस. समोरच्या गाडीतून जखमी उतरवत होते. मी तिथूनच परत फिरलो.

मग त्याचं कार्ड आलं. ते मी कुणाला दाखवलेलं नाही. पेन्सिलीने लिहिलंय: "दादा, राद्झिमिनच्या अलीकडे एका कोठारात आहोत. पेंढ्यावर माझ्या डाव्या हाताला तुझी जागा धरून ठेवली आहे. एक जाडा रोज तिच्यावर सरकतो, मी रोज त्याला ढकलतो. लवकर ये." मी ते वाचलं त्याच्या आधीच तो गेला होता. कसा गेला, कुणाजवळ गेला, काही म्हणाला का, मला काही माहीत नाही. कुणालाच माहीत नाही. त्या कोठारातले सगळेच गेले.

मी घरी आलो तेव्हा तू अंगणात होतीस. आईने दारातच दोन्ही हातांनी माझं तोंड धरलं, उजेडाकडे वळवलं. "तू होतास ना त्याच्याजवळ?" तिला वाटत होतं की मीही गेलोय. मीच तसं लिहिलं होतं, आठव. मी म्हणालो, "होतो." मग, "काय म्हणाला?" तिची बोटं माझ्या गालांवर होती आणि डोळे ओठांवर. आदल्या वर्षी मी एका सिनेमात मरणाऱ्या कैद्याचं काम केलं होतं, त्याच्या तोंडचं वाक्य माझ्या ओठांवर आलं. "म्हणाला, आईला सांग, मला दुखलं नाही." तिने मला सोडलं आणि खाली बसली. नऊ वर्षं झाली, ती त्या वाक्यावर जगतेय. दर वर्षी दिवा लावताना म्हणते. सगळा गाव मला मान देतो. भावोजी मला बघून अजून खुर्चीवरून उठतात.

आता तुला कळलं असेल मी कशाला घाबरतोय.

यंदा जूनमध्ये तो प्रसंग घेतला. माझ्या मांडीवर एकोणीस वर्षांचा एक मुलगा, घोडदळाचा गणवेश, खाली पेंढा. रोलिंस्की साहेब म्हणाले, "शब्द नाहीत, जे येईल ते बोल, फक्त तोंड हलू दे." कॅमेरा जवळ आला. सोळा वर्षांची सवय ताई! तो जवळ आला की मी आईशी बोलतो, दुसरं काही मला येत नाही. मी म्हणालो, "यात्सेक, मी तिथं नव्हतो. तू एकटा गेलास. दुखलं नाही हे मी रचलं. आई, मी" आणि पुढे रडू आलं. साहेब आनंदाने नाचत होते. दुसऱ्यांदा घ्यायचीसुद्धा गरज पडली नाही.

मला विसर पडला होता असं मी महिनाभर स्वतःला सांगितलं. खोटं आहे ते. मला माहीत होतं ते कोण वाचणार. तिच्यासमोर उभं राहून सांगायची छाती नव्हती, म्हणून पडद्याआडून सांगितलं. आणि संध्याकाळी चेहऱ्याचा रंग धुतल्याबरोबर मला ते परत घ्यायचं होतं. पण ते डब्यात बंद झालं होतं. आता डबा गावोगाव हिंडतोय, हजारो लोक बघतायत, कुणाला काही कळत नाही. एकाच माणसाला कळणार, आणि तो डबा त्याच माणसाकडे चाललाय.

भावोजींना म्हणावं, बंबवाल्यांचे हातपाय धरा, मशीन मोडलं म्हणून सांगा, काहीही करा. शिव्या मला नंतर द्या. तिचं ते एक वाक्य तिच्याकडे राहू दे. तिच्याकडे दुसरं काय आहे?

तेओफिल

*

वॉर्सा, १८ डिसेंबर १९२९

ताई,

तुझ्या पत्रात मला शिवी नाही. वर 'प्रिय'ही नाही. मी तीनदा बघितलं.

भावोजींनी माझ्यासाठी चोरी करावी असं मी काही केलेलं नाही, तरी त्यांनी केली. बंबखान्यातल्या मशीनचा पट्टा काढून खोगिरांच्या ढिगात लपवला, आणि दुपारी बंबाचे प्रमुख त्यांच्याच दुकानात हजर. "ओनुफ्री, मशीनचा पट्टा कुणीतरी पळवला. गावात कातडं शिवणारा तूच एक. संध्याकाळपर्यंत नवा दे, आपल्या तेओचा सिनेमा आहे, अख्खा गाव यायचाय!" आणि ते शिवत बसले. दुसऱ्या कुणाची गोष्ट असती तर मी हसलो असतो. त्यांना सांग, मी त्यांना दोष देत नाही. मीही कचेरीत खुर्चीवर बसून सही देऊन परत आलोच की.

आणि आई. तू डोकं दुखतंय म्हणालीस, रस्त्यावर बर्फ आहे म्हणालीस, सिनेमा वाईट आहे म्हणालीस. तिने डोक्याला रुमाल बांधला आणि निघाली. बंबखान्याच्या दारावर माझं रडणारं तोंड चिकटवलेलं होतं, ते तिने सकाळीच बघितलं होतं. "लेकरू रडतंय माझं," म्हणाली, "बघायला नको?"

तू लिहिलंस ते मी इतक्यांदा वाचलंय की आता मला ते दिसतं. पहिली रांग. ती पुढे वाकून बसलेली. माझं तोंड पडद्यावर येतं, मागे बायका हुंदके देतात, कुणीतरी तिच्या खांद्यावर हात ठेवतो, बिचारी यात्सेकची आई. आणि ती हलत नाही. शनिवारी घरी येऊन सरळ झोपली. रविवारी दुपारी पुन्हा गेली. संध्याकाळी पुन्हा. तू आडवी आलीस तर तुला बाजूला केलं. तिसऱ्यांदा बघून आली, बूट काढले, कोबीचं सार सगळं संपवलं, आणि तुला म्हणाली, "तो तेओ बोलत असताना मध्येच घोडा का दाखवतात?"

खरंय तिचं. मी 'आई, मी' म्हणतो आणि लगेच माळावरचा मोकळा घोडा येतो. फिल्म कापून जोडणाऱ्याला वाटलं, एवढं रडणं पुरे. तीन वेळा ती त्या घोड्यानंतर मी परत येईन म्हणून वाट बघत बसली.

पुढे तू लिहिलंयस, तिने टेबलावरून हात फिरवला आणि म्हणाली, "त्याला लिही. पुढचं काय ते इथं येऊन सांग म्हणावं. आणि यात्सेक खरं काय म्हणाला ते."

ताई, ती रागावली आहे का? तू ते लिहिलंच नाहीस. कदाचित तुलाही कळलं नसेल. पाकिटात तू नेहमीसारखी नाताळची कागदासारखी पातळ पोळी पाठवलीस, जिचा एकेक कोपरा घरचा प्रत्येकजण मोडून खातो आणि उरलेली मला येते. मी ती दिव्यापाशी धरून बघितली. तुझा कोपरा मोडलेला आहे, भावोजींचा मोडलेला आहे. आईचा कोपरा शाबूत आहे. दर वर्षी तिचा तुकडा सगळ्यात मोठा असायचा, मला अर्ध्याहून कमी पोळी मिळायची. तिच्या हातात दिली आणि तिने मोडली नाही, की तू द्यायला विसरलीस? विसरलीस असं लिही. खोटं असलं तरी लिही. नको, लिहू नकोस. खोटं आता पुरे.

स्टुडिओने मला कळवलंय की पुढच्या हंगामात माझ्याजोगतं काम नाही. साहेबांनी आडवळणाने सांगितलं, मी सरळ ऐकलं. आता सगळे नट आवाजात बोलतील, तोंड अर्धवट उघडून, आणि आईला पडद्यावर कुणाचंच काही कळणार नाही. मला वाईट वाटतंय ते एवढ्याचंच. मला पडद्यावरून पुढचं सांगता येणार नाही. यायलाच हवं.

आणि येऊन काय सांगू? हाच विचार मी आठ दिवस करतोय. तिला यात्सेकचं शेवटचं वाक्य हवंय. माझ्याकडे ते नाही. मला एखादं बेमालूम रचता येईल, मी नट आहे, आणि ती माझ्या ओठांवरून ते वाचेल आणि या वेळी तिला कळेल. माझ्याकडे फक्त ते कार्ड आहे. पेंढा, जाडा माणूस, डाव्या हाताची जागा. त्याच्या हातचं शेवटचं तेवढंच आणि ते मी नऊ वर्षं लपवलं, कारण ते दाखवलं असतं तर मी तिथं नव्हतो हे उघड झालं असतं. तिचा मुलगा तिच्यापासून मी दोनदा हिरावला. एकदा तो सिनेमा करून, एकदा ते कार्ड ठेवून. ते घेऊन येतोय. तिला वाचता येत नाही, म्हणून तू वाचून दाखवशील असं मनात आलं होतं. पण नको. मीच म्हणेन. एकेक शब्द.

चोवीस तारखेला दुपारच्या छोट्या गाडीने पोचेन. स्टेशनवर कुणी येऊ नका. दाढी करून येईन. एकच कर, टेबलावरचा दिवा माझ्या बाजूला ठेव, तिच्या नाही. तिला माझं तोंड स्वच्छ दिसलं पाहिजे.

आणि ताटांचं. पहिली चांदणी दिसली की तुम्ही रिवाजाप्रमाणे टेबलाच्या चादरीखाली गवत पसराल, मासा मांडाल, खसखशीच्या शेवया मांडाल. आईला विचार, माझं ताट मांडायचं का. ती नाही म्हणाली तर भांडू नकोस, माझी बाजू घेऊ नकोस, मांडू नकोस. तरी मी येणार. दर नाताळला आपण एक ताट जास्तीचं मांडतो, वाट चुकून दारात येईल त्या परक्या माणसासाठी. इतक्या वर्षांत त्यावर कुणी बसलेलं मी बघितलं नाही. आईने मला मुलगा म्हणून बसू दिलं नाही, तर मी त्या ताटावर बसेन. त्यावरून कुणाला उठवत नाहीत.

यात्सेकने माझी जागा धरून ठेवली होती आणि मी गेलो नाही. या वेळी जी असेल त्या जागेवर येतो.

तेओफिल व्रोना